खाडीनं पोसलेला संप

ताटात शीत राहिलं की आमच्या आजीचा संप सुरू व्हायचा. म्हणजे संपाची गोष्ट. अलिबागच्या खारेपाटातलं चरी तिचं माहेर. ऑक्टोबर १९३३ मध्ये नारायण नागू पाटलांच्या हाकेला ओ देऊन चरी आणि भोवतालच्या पंचवीस गावांतल्या कुळांनी सावकाराची शेतं कसायची नाहीत असं ठरवलं. १९३९ पर्यंत ते मोडलं नाही. आजी तेव्हा परकरी पोर. तिनं पाहिलेलं किती आणि आईकडून ऐकलेलं किती, हे तिलाही धड सांगता येत नसे.

खंडाचं, म्हणजे जमिनीच्या भाड्याचं, मात्र पक्कं आठवे. बांध फुटून खारं पाणी शिरलं, पीक गेलं, तरी कबुलायतीत लिहिलेलं भात घालायचंच. ती वाचता येत होती कोणाला? "अंगठा तेवढा आपला," ती म्हणायची.

मग एवढी वर्षं खाल्लं काय? "खाडीनं जगवलं रं आमाला!" चिंबोऱ्या, निवट्या, कोलीम. पुरुष रानातली लाकडं विकायला नेत. जिताडा सापडला तर तोही बाजारात जाई. इथं आजी हमखास रेंगाळायची आणि आम्हाला कालवणाची कृती ऐकावी लागायची. पण भुकेपेक्षा तिच्या आईला लावणीच्या दिवसांत पडीक खाचरं बघणं जड गेलं म्हणे.

डॉ. आंबेडकरांनी संपाला पाठबळ दिलं, १९३७ मध्ये खोती, म्हणजे कुळांवरची खोतांची जमीनदारी, रद्द करण्याचं विधेयक मांडलं. जानेवारी १९३८ मध्ये शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईच्या कौन्सिलावर गेला. त्यात आजीचे वडील होते. ते बोटीनं गेले की चालत, यावर आमच्याकडे अजून वाद आहे.

पुढे १९३९ चा, मग १९४८ चा कूळकायदा आला. १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन, म्हणजे कूळ जमिनीचं मालक होण्याचा दिवस, ठरला. हप्त्यानं किंमत भरून आजोबांच्या वडिलांचं नाव सातबाऱ्यावर मालक म्हणून लागलं. आमच्या शेतावर मजुरीला येणाऱ्या कातकरणीला मात्र यातलं काही मिळालं नाही. कायदा कुळाचा, मजुराचा नव्हे. आजही रायगडातल्या कितीतरी कातकरी वाड्या दुसऱ्याच्या जमिनीवर आहेत.

आजी त्या कातकरणीला मजुरीवर दोन शेर भात जास्त घाली. आजोबा कुरकुरले की म्हणे, "सावकारपन असाच कुरकुरायचा."