हिरव्या चटणीची कुळकथा

भाईंदर स्थानकाच्या पश्चिमेस उतरून उत्तनची वाट धरली, म्हणजे मुर्धे, राई, मोर्वे ही गावे एकामागून एक लागतात, मिठागरे दिसतात आणि पुढे डोंगरी व चौक यांच्या टेकड्या येतात. जुन्या कागदपत्रांतील धारावी बेट ते हेच. वसईच्या मोहिमेत मराठे आणि पोर्तुगीज या बेटासाठी निकराने झुंजले. म्हणून इतिहासाचा अभ्यासक चौकच्या किल्ल्यापाशी हटकून थांबतो. त्याच गावांतील एखाद्या ख्रिस्ती घराच्या मागील दारी पाट्यावर कोथिंबीर, लसूण आणि ओली मिरची वाटली जात असते, तेथे मात्र तो थांबत नाही. वास्तविक 1534 पासून 1739 पर्यंतच्या दोनशेपाच वर्षांच्या अमलाचा जो अंश आजही जिवंत आहे, त्यातील बराचसा त्या पाट्यावरच सापडावयाचा.

निखाऱ्यावर भाजलेले मांस किंवा मासळी आणि तिच्याशेजारी हिरवी, आंबट चटणी, ही जोडी काही एकट्या उत्तनची नव्हे. अर्जेंटिनातील गुराखी गोमांसाच्या जाड कापावर, म्हणजे विलायतेत ज्याला स्टेक म्हणतात त्यावर, पार्सलीचा पाला, लसूण, तेल आणि शिरका यांचे 'चिमिचुरी' नावाचे कालवण घालतात. इटलीत हिरवी 'साल्सा' आहे. इंग्रज माणूस, ज्याच्या स्वयंपाकाची थट्टा सारे जग करते, तोही मेंढीच्या मांसाबरोबर पुदिना आणि शिरका घेतल्यावाचून राहत नाही. कारण उघड आहे. भाजलेल्या मांसातील चरबी जिभेवर बसते. तिला कापावयास आंबट हवे आणि धुराची चव हलकी करावयास ओला पाला हवा. ही गरज सर्वत्र सारखी. पाला कोणता आणि आंबट कशाचे, एवढेच प्रत्येक देश आपापल्या परसात पाहून ठरवितो.

आता उत्तनच्या पाट्यावरील जिन्नसांची कुळे पाहावी. कोथिंबीर आपल्याकडे फार जुनी. पाणिनीने 'कुस्तुम्बुरु' या शब्दासाठी स्वतंत्र सूत्र रचले आहे आणि आपला 'कोथिंबीर' हा शब्द त्याच घराण्यातला. पुदिन्याचे नाव फारसी. ओल्या मिरचीचा प्रकार निराळा. ती मूळची अमेरिकेची; कोलंबसाच्या 1492 च्या सफरीपूर्वी तिची ओळख आशिया खंडात कोणालाही नव्हती. गार्सिया द ओर्ता या पोर्तुगीज वैद्याने हिंदुस्थानातील औषधी द्रव्यांवरील आपला संवादग्रंथ 1563 साली गोव्यात छापला. याच ओर्ताकडे मुंबई बेट खंडाने होते. त्याच्या ग्रंथात मिऱ्यांना एक संवाद वाहिलेला आहे, आल्यालाही आहे; मिरचीला नाही. पुढे ती या किनाऱ्यावर इतकी रुजली की मराठीने तिला मिरीचेच नाव थोडे फिरवून दिले, आणि आज ती परकी होती असे सांगितले तर घरची वडील माणसे ते हसण्यावारी नेतात.

याहून चमत्कारिक गोष्ट कोथिंबिरीची. बहुतेक युरोपीय लोकांना तिचा ओला पाला सोसत नाही. ते धन्यांपुरती ओळख ठेवतात. पोर्तुगीज मात्र त्याला अपवाद. त्यांच्या आलेंतेजू प्रांतात लसूण, मीठ आणि कोथिंबीर खलबत्त्यात कुटून, त्यावर तेल आणि कढत पाणी ओतून पावाबरोबर खाण्याची रीत आहे. म्हणजे वसईच्या बाजारात हिरवी जुडी पाहून त्या परदेशी माणसाला घरची आठवण झाली असल्यास नवल नाही. तेव्हा ही चटणी साहेबाने शिकविली असे म्हणणे जितके चुकीचे, तितकेच ती अनादि काळापासून आपलीच आहे असे म्हणणेही चुकीचे.

गोव्यातील 'काफ्रियाल' या पदार्थाचे नाव या प्रवाहाचा आणखी एक फाटा दाखविते. पोर्तुगीज लोक आफ्रिकी शिपायांस व गुलामांस ज्या शब्दाने संबोधीत, त्या शब्दावरून हे नाव पडले. मोझांबिकचा कारभार 1752 पर्यंत गोव्याच्या व्हाइसरॉयकडेच होता. तिकडची मिरची-लिंबात मुरवून भाजलेली कोंबडी इकडे येऊन कोथिंबिरीत हिरवी झाली, असे मानले जाते.

1739 च्या मे महिन्यात चिमाजी आप्पांनी वसई घेतली. गोरे अंमलदार गेले, परंतु कोळी, कुणबी आणि भंडारी कुळांतील ख्रिस्ती रयत आपल्या भूमीवर राहिली, आपली मराठी बोली बोलत राहिली. तहाने तिच्या धर्माला अभय मिळाले. चुलीला तर कोणी हात लावण्याचा प्रश्नच नव्हता. पुढे 1774 मध्ये साष्टी इंग्रजांकडे गेली. मुंबईत नोकरीस आलेल्या गोव्याच्या ख्रिस्ती लोकांहून आपण वेगळे, हे दाखविण्यासाठी 1887 मध्ये, व्हिक्टोरिया राणीच्या ज्युबिलीच्या वर्षी, या समाजाने 'ईस्ट इंडियन' हे नाव घेतले. नाव कंपनीचे, बोली मराठी, शिरका ताडीचा!

चटणीची कृती सोपी, पण तीत एक खोच आहे. कोथिंबिरीची एक जुडी कोवळ्या देठांसकट घ्यावी, कारण वास देठांतच अधिक. चार-पाच ओल्या मिरच्या, सहा-सात लसणीच्या पाकळ्या, बोटाच्या पेराएवढे आले आणि मीठ. लसूण आधी ठेचावी. तिचा झणका पाकळी चिरडल्यावरच उत्पन्न होतो, अख्ख्या पाकळीत तो नसतो. पापलेटाच्या पोटात भरावयाची असेल तर ओले खोबरे हवेच. भाजलेल्या मांसाबरोबर मात्र ते नसलेले बरे, कारण खोबरे आंबटाची धार बोथट करते. लिंबू किंवा शिरका अगदी शेवटी, पानावर वाढण्याच्या वेळी घालावा. पानांतील हरितद्रव्याला आम्ल सोसत नाही; घटकाभरात हिरवा रंग शेवाळी होतो आणि चवही उतरते. म्हणून ही चटणी उद्यासाठी ठेवता येत नाही.

याच घरांतील बाटली मसाल्याची गोष्ट याच्या उलट. वीस-पंचवीस जिन्नस उन्हाळ्यात वाळवून, भाजून, कुटून गडद रंगाच्या बाटल्यांत ठासून भरावयाचे, म्हणजे वर्षभराची चिंता मिटते. परदेशी गेलेल्या लेकीच्या सामानातही एक बाटली जाते. हिरवी चटणी मात्र तिला तिकडे, तिकडच्याच बाजारातली जुडी आणून, जेवणाच्या आधी नव्याने वाटावी लागते.