पीठ वैरताना

आषाढातली संध्याकाळ. अर्जुना आणि कोदवली नद्यांचं पाणी जवाहर चौकाकडे चढतंय. बाजार बंद, वीज गेलेली, घरात भाजीचं देठसुद्धा नाही. राजापुरात अशा दिवशी काय करायचं ते ठरवावं लागत नाही. तुम्ही कुळथाच्या पिठीसाठी पातेलं चढवता. तेलात मोहरी, हिंग, ठेचलेला लसूण, दोन मिरच्या. मग पाणी, मीठ, तीन आमसुलं. उकळी फुटली की एका हाताने पळी फिरवत दुसऱ्या हाताने पीठ वैरायचं. घाई केली की गुठळ्या.

पळी फिरता फिरता गॅसची निळी ज्योत पिवळी होते, ओल्या लाकडांचा धूर डोळ्यांत जातो. साल 1900. चुलीशी तुमची खापरपणजी बसली आहे. भात कापल्यावर शेतात उरलेल्या ओलीवर आलेले हे कुळीथ. तिने ते उन्हाळ्यातच खमंग भाजले, जात्यावर भरडले, सुपात पाखडून सालं उडवली आणि मग दळले. त्यातला एक डबा बाजूला ठेवलाय. पाऊस सरला, आगबोट सुरू झाली की थोरला जैतापूरहून मुंबईला जाईल, त्याच्यासाठी. "बारीक धार धर," ती तुम्हाला सांगते. माप विचारलंत तर नुसती मूठ दाखवते.

आणखी मागे. 1661. शिवाजी महाराजांचं सैन्य येऊन गेलंय, इंग्रजांची वखार लुटली गेलीय. मिरीच्या व्यापारासाठी सातासमुद्रापलीकडून आलेली ही माणसं आता कैदेत आहेत. गावात तोच विषय. पण दिवेलागणीला घराघरांत चुली पेटतातच.

अजून मागे चला, 1498 च्या आधी. वास्को द गामा कालिकतला पोचायचाय, मिरची अजून अमेरिकेतच आहे. इथे तिखटाला पाट्यावर चेचलेली मिरी. आंबटाला मात्र रातांब्याचीच सोलं, मीठ-रसात भिजवून उन्हात काळीभोर वाळवलेली. पूर्वेला तेलुगू मुलखात याच कुळथाला उलवलु म्हणतात. ते शिजवून त्याचं पाणी तासन्‌तास दाट आटवतात, ते उलवचारु. मला त्या नावाचीसुद्धा गोडी वाटते. तिथे आटवायचं, इथे वैरायचं.

मडक्यात पाणी खदखदतंय. चुलीपुढच्या बाईची मराठी तुम्हाला जेमतेम अर्धी कळते. ती मूठ भरते, वाफेवर धरते, अंगठा तर्जनीवरून हळू सरकवते, आणि पीठ पावसाच्या पहिल्या भुरभुरीसारखं खाली उतरतं. दुसऱ्या हातातला करवंटीचा डवला क्षणभरही थांबत नाही. भाजल्या कुळथाचा वास येतो, तुमच्या स्वयंपाकघरात येतो अगदी तोच.

मग ती तुमचा हात ओढून उरलेलं पीठ त्यात रिकामं करते.