नारायणगडचें मत तीन राज्यांत : राष्ट्रपतींच्या निवडणुकींतील एका आंकड्याची चिकित्सा

वयोमानामुळें गेल्या कार्तिकी एकादशीस पंढरपुरास जाणें झालें नाहीं. म्हणून ज्यास लोक धाकटी पंढरी म्हणतात त्या बीड जिल्ह्यांतील नारायणगडीं दर्शनास गेलों. तेथें एका हस्तलिखितसंग्राहक स्नेह्यांची गांठ पडली. त्यांनीं दोन उतारे मजपुढें ठेविले. एकांत १९५२ सालच्या राष्ट्रपतिपदाच्या निवडणुकीचा निकाल होता, दुसऱ्यांत १९५७ सालचा. पहिल्यांत लक्ष्मण गणेश थत्ते यांच्या नांवापुढें २,६७२ हा आंकडा. दुसऱ्यांत चौधरी हरिराम यांच्या नांवापुढेंहि तोच. हा उघड लेखकप्रमाद होय, नकलकाराची दृष्टि एका कागदावरून दुसऱ्यावर घसरली, असें स्नेह्यांचें मत पडलें व त्यांनीं समासांत प्रश्नचिन्हहि केलें होतें. पोथ्यांचे पाठ ताडण्यांत ज्यांचे केस पिकले त्यांस अशी शंका येणें स्वाभाविक आहे. मलाहि प्रथम तसेंच वाटलें.

परंतु ताळा पाहिल्यावांचून पाठ दूषित ठरवूं नये. १९५२ च्या मे महिन्याच्या २ तारखेस जें मतदान झालें त्यांत राजेंद्रप्रसाद यांस ५,०७,४००, प्रा. के. टी. शहा यांस ९२,८२७, थत्ते यांस २,६७२, चौधरी हरिराम यांस १,९५४ व कृष्णकुमार चटर्जी यांस ५३३ मतें पडलीं. एकूण ६,०५,३८६. बेरीज बिनचूक आहे. १९५७ सालीं राजेंद्रप्रसाद ४,५९,६९८, हरिराम २,६७२ व नागेंद्र नारायण दास २,०००; एकूण ४,६४,३७०. हीहि बेरीज जुळते. आतां यांतील एक आंकडा चुकून उतरला असें म्हणावयाचें, तर नकलकारानें चूक करून पुन्हा तिला साजेशी नवी बेरीजहि मांडली असें मानावें लागेल. इतका उद्योगी नकलकार मला चाळीस वर्षांत भेटला नाहीं. सबब दोन्ही पाठ ग्राह्य. साम्य केवळ यदृच्छेचें.

मग २,६७२ म्हणजे किती माणसें? येथें पुष्कळांचा घोटाळा होतो. गडाची ख्याती नगद नारायणाच्या नांवानें आहे. पण राष्ट्रपतींच्या निवडणुकींत गांवकऱ्याचें मत नगद नसतें, तें हुंडीसारखें आमदाराच्या हातून पटतें. राज्यघटनेच्या ५५ व्या कलमान्वयें राज्याच्या लोकसंख्येस विधानसभेच्या निर्वाचित सदस्यांच्या संख्येनें भागून, पुन्हा हजारानें भागिलें म्हणजे एका आमदाराच्या मताचें मोल येतें. १९५२ सालीं मद्रासच्या आमदाराचें मत १४५ मोलाचें, कूर्गच्या आमदाराचें अवघें ७ मोलाचें. संसदेच्या सदस्याचें ४९४. तेव्हां थत्ते यांच्या पाठीशीं अडीच हजार मतदार होते असें समजणें चुकीचें आहे. अठरा-एकोणीस मद्रासी आमदार, किंवा पांच-सहा खासदार, एवढ्यांनींहि हा आंकडा भरून येतो. मोहरा, होन आणि दाम एकाच रकान्यांत मांडून मनुष्यगणना करूं पाहणाऱ्यासारखें तें होईल.

नारायणगडापुरतें पाहिलें तर या हुंडीची पेढीच दोनदां बदलली. १९५२ सालीं बीड जिल्हा हैदराबाद राज्यांत होता. त्याचे आमदार १७५ सदस्यांच्या त्या विधानसभेंत तेलुगु व कानडी मुलखांतील सदस्यांबरोबर बसत, व मराठवाड्याचें मत हैदराबादच्या नांवें जमा झालें. १ नोव्हेंबर १९५६ रोजीं मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यांत आला. म्हणून पुढच्या वर्षींचें मत गुजराती सदस्यांच्या मतांबरोबर मुंबईच्या खात्यांत गेलें. १ मे १९६० नंतर, म्हणजे १९६२ च्या निवडणुकींत, तें प्रथमच महाराष्ट्राचें म्हणून मोजलें गेलें. त्या वेळीं राधाकृष्णन् यांस ५,५३,०६७, हरिराम यांस ६,३४१ व यमुनाप्रसाद त्रिसुलिया यांस ३,५३७ मतें मिळालीं. (उपनिषदांचा भाष्यकार राष्ट्रपति झाला याचा आम्हां संस्कृतच्या शिक्षकांस झालेला आनंद येथें लपविण्याचें कारण नाहीं.) एकाच गडाच्या पायथ्याचीं माणसें, पण दहा वर्षांत तीन राज्यांच्या रकान्यांत. संग्राहकांनीं या काळचे कागद लावतांना जिल्ह्याच्या नांवावर न जातां तारखेवर जावें, नाहीं तर १९५२ चा बीडचा कागद महाराष्ट्राच्या बस्त्यांत जाऊन पडेल.

ज्या निकालांत राज्यवार आंकडा हातीं असतो, तेथें हुंडी उलट वाचतां येते. सांप्रत महाराष्ट्राच्या आमदाराचें मोल १७५ आहे. १९७१ च्या खानेसुमारींतील ५,०४,१२,२३५ लोकसंख्येस २८८ नीं भागून तें आलें, व तीच लोकसंख्या अजून प्रमाण धरिली जाते. २०१७ सालीं या राज्यांतून रामनाथ कोविंद यांस २०८ व मीरा कुमार यांस ७७ आमदारांचीं मतें पडलीं. २०२२ सालीं द्रौपदी मुर्मू यांस १८१, यशवंत सिन्हा यांस ९८. मोलानें मांडलें तर मुर्मू यांचे ३१,६७५ व सिन्हा यांचे १७,१५० होतात. बीड जिल्ह्याचे सहा आमदार. त्यांचें मिळून मोल १,०५०. यांत नारायणगडच्या वांट्यास काय आलें तें ज्यानें त्यानें काढावें. अपूर्णांक बारीक आहे.

स्नेह्यांनीं दोन्ही बेरजा स्वतः पुन्हा करून पाहिल्या. मग शिसपेनीनें समासांतलें प्रश्नचिन्ह खोडलें व शेजारीं ‘शुद्ध’ असें लिहिलें. मात्र हरिराम हें नांव जोडून लिहावें कीं तोडून, हा वाद गड उतरेपर्यंत चालला होता.