कानबाईचा नारळ
अमूर्त शक्ती एका वस्तूत उतरवून ठरल्या काळापुरती स्थिर करण्याची खानदेशी रीत म्हणजे कानबाईची स्थापना. श्रावणात, नागपंचमीनंतरच्या रविवारी, नारळाला डोळे, नथ व दागिने चढवून देवी बसवतात; सोमवारी वाजतगाजत विसर्जन होते. मात्र अनेक घरांत पूजेचा नारळ पिढ्यान्‌पिढ्या जपतात. नारळ खानदेशच्या मातीतला नव्हे, तरी मान त्यालाच. गव्हाच्या रोटांचा प्रसाद भाऊबंदांपुरताच असतो, म्हणून पांगलेले कुटुंब त्या दिवशी गावी जमते. १९०६ साली खानदेश विभागला गेला, १९९८ साली नंदुरबार जिल्हा धुळ्यापासून वेगळा झाला. कानबाईने या सीमा मानल्या नाहीत. पोटापाण्यासाठी गेलेल्या खानदेशींबरोबर ती सुरतेतही पोहोचली.