दोन कड्यांची साखळी

पोशाखाचा इतिहास म्हणजे राजेरजवाड्यांच्या जरीचा आणि रत्नांचा इतिहास, अशी सामान्यतः समजूत असते. वस्तुतः मनुष्याने अंगावर काय घातले ह्यापेक्षा काय घालावयाचे टाळले, हा प्रश्न कित्येकदा अधिक बोधप्रद ठरतो. फ्रान्सच्या नॉर्मंडी प्रांतात काँ नावाचे शहर आहे. १८३० नंतरच्या दोनचार वर्षांत त्या शहराच्या रस्त्यांवरून एक प्रौढ इंग्रज गृहस्थ नित्य फिरावयास जात असे. त्याच्या बोटात एक साधी अंगठी असे, आणि खिशातल्या घड्याळाला जाड सोन्याची साखळी असे. परंतु त्या साखळीच्या दोनच कड्या बाहेर दिसत. तिसरा दागिना अंगावर नसे. विल्यम जेसी ह्या इंग्रज लष्करी अधिकाऱ्याने त्याला तेथे पाहिले, आणि पुढे १८४४ साली त्याचे दोन खंडांत चरित्र प्रसिद्ध केले. सोने खरे, साखळी भारी, आणि दाखवावयाच्या कड्या मात्र दोन, ह्या एका गोष्टीत त्या गृहस्थाची सारी जीवनकथा साठविलेली आहे.

त्याचे नाव जॉर्ज ब्रायन ब्रमेल. इतिहास त्याला 'बो ब्रमेल' म्हणून ओळखतो. 'बो' ह्या फ्रेंच शब्दाचा अर्थ सुंदर किंवा छबीदार. पदरी जहागीर नाही, नावामागे सरदारकी नाही, हातून ग्रंथ किंवा लढाई घडलेली नाही. असे असता लंडनच्या उमराव मंडळीस त्याने सुमारे अठरा वर्षे आपल्या पसंतीकडे डोळे लावून बसविले. हे सामर्थ्य त्याला कशाने आले हे समजण्यासाठी त्याच्या आधीचा काळ थोडासा ध्यानात घेतला पाहिजे.

अठराव्या शतकात युरोपातील श्रीमंत पुरुष स्त्रियांच्या बरोबरीने नटत असत. रेशमी व मखमली अंगरखे, त्यांवर कलाबतूचे काम, मनगटाशी जाळीदार झालरी, बुटांवर चकाकणारे बकल आणि मस्तकावर पांढरी पूड भुरभुरलेला केसांचा टोप, हा दरबारी थाट होता. १७७० च्या सुमारास इटलीची यात्रा करून परतलेल्या काही इंग्रज तरुणांनी तर ह्यावरही कडी केली. लोक त्यांना थट्टेने 'मॅकरोनी' म्हणू लागले. त्यांचे टोप हातभर उंच, त्यांवरची टोपी चिमुकली, आणि कमरेस घड्याळ एक असावयाचे तेथे दोन लोंबत. अशा पोशाखात अलंकार हा मनुष्याचा सेवक न राहता धनी होऊन बसतो.

ह्या थाटाला दोन बाजूंनी धक्का बसला. १७८९ साली फ्रान्समध्ये राज्यक्रांती झाली आणि रेशमी झालरी हे लोकांच्या संतापाचे कारण होऊन बसले. इकडे इंग्लंडमध्ये १७९५ साली पिटच्या सरकारने केसांना लावावयाच्या पुडीवर वर्षाकाठी माणशी एक गिनी कर बसविला. त्याच साली धान्याची मोठी टंचाई झाली होती. भाकरीचे पीठ डोक्यावर भुरभुरणे लोकांस रुचेनासे झाले. अनेकांनी टोप उतरविले, केस आखूड केले. जुना पोशाख मोडला होता आणि नव्याचे नियम कोणी घालून दिलेले नव्हते. नेमक्या अशा संधिकाली ब्रमेल रंगभूमीवर आला.

त्याचा जन्म ७ जून १७७८ चा. त्याचे वडील मुख्य प्रधान लॉर्ड नॉर्थ ह्यांचे खासगी चिटणीस होते. ईटनच्या विद्यालयात त्याचे शिक्षण झाले. ऑक्सफर्डास तो थोडेच दिवस राहिला. १७९४ साली, वयाच्या सोळाव्या वर्षी, तो युवराजांच्या खास मर्जीतल्या दहाव्या घोडेस्वार पलटणीत अधिकारी म्हणून दाखल झाला. हा युवराज म्हणजेच पुढचा चौथा जॉर्ज. तो नटण्यामुरडण्याचा अत्यंत शौकीन होता. हजरजबाबी ब्रमेल लवकरच त्याचा जिवलग झाला. १७९८ साली ब्रमेलने पलटण सोडली. सज्ञान होताच वडिलांच्या मिळकतीचा वाटा त्याच्या हाती आला, आणि लंडनच्या चेस्टरफील्ड स्ट्रीटमध्ये त्याने बिऱ्हाड थाटले.

त्याचा दिवसाचा पोशाख सांगावयास अगदी थोडा आहे. गडद निळ्या लोकरीचा कोट, त्यास पितळी गुंड्या; फिकट पिवळसर वास्कट; अंगाबरोबर बसणारी विजार; काळे बूट; आणि गळ्याभोवती पांढरे वस्त्र. सायंकाळी वास्कट पांढरे आणि विजार काळी. जर नाही, झालर नाही, अत्तरही नाही. अत्तराऐवजी तो रोज स्नान करी, दात घाशी, दाढी स्वच्छ करी आणि धुतलेला सदरा घाली. आपल्याकडील वाचकांस ह्यात विशेष ते काय असे वाटेल. परंतु तत्कालीन युरोपात दैनिक स्नान ही चर्चा करण्याजोगी गोष्ट होती. रस्त्याने जाताना लोक मागे वळून पाहू लागले तर पोशाखात काही तरी बिघडले आहे असे समजावे, हे त्याचे मत प्रसिद्धच आहे.

रंग आणि जर गेल्यावर डौल राहिला तो बेतण्यात व किरकोळ वाटणाऱ्या वस्तूंत. त्यांपैकी मुख्य म्हणजे गळपट्टा, ज्याला 'क्रॅव्हट' म्हणत. ब्रमेलपूर्वी हे वस्त्र नरम असल्यामुळे हनुवटीखाली त्याचा बोळा होई. ब्रमेलने त्यास हलकी खळ देण्याचा प्रघात पाडला. खळ बेताचीच, कारण जास्त झाली तर वस्त्र पुठ्ठ्यासारखे ताठ होते आणि कमी पडली तर लोळते. जेसीने बांधण्याची रीत बारकाईने वर्णिली आहे. सदऱ्याची उंच पट्टी प्रथम खाली दुमडावयाची. फूटभर रुंदीचे वस्त्र गळ्याभोवती घेऊन गाठ मारावयाची. मग छताकडे वर केलेली हनुवटी आरशासमोर हळूहळू खाली आणावयाची, म्हणजे वस्त्रावर एकावर एक सारख्या चुण्या पडतात. एखादी चुणी चुकली तर ती हाताने सारखी करावयाची नाही. सबंध वस्त्र टाकून दुसरे घ्यावयाचे. एके सकाळी त्याचा नोकर चुरगळलेल्या गळपट्ट्यांचा मोठा ढीग घेऊन जिन्यावरून उतरत होता. हे काय म्हणून एका पाहुण्याने विचारताच त्याने गंभीरपणे उत्तर दिले, की हे आमचे फसलेले प्रयत्न होत.

ही गोष्ट ऐकून हसू येते. पण तिच्यातच मर्म आहे. पाहणाराला दिसे ती एक सहज मारलेली गाठ. तिच्यामागचा ढीग जिन्यापलीकडे कोणी पाहत नसे. तासन्‌तास आरशासमोर घालवावयाचे आणि बाहेर पडल्यावर पुन्हा आरशाकडे ढुंकूनही पाहावयाचे नाही, ही ब्रमेलची शिस्त होती. हीच गोष्ट तपकिरीच्या डबीची. त्या काळी तपकीर हा प्रतिष्ठित षौक होता आणि रत्नजडित डब्यांचे प्रदर्शन चाले. ब्रमेलपाशीही उत्तमोत्तम डब्या होत्या. परंतु त्याची ख्याती डबीच्या हिऱ्यांविषयी नव्हती, तर ती एकाच हाताने अलगद उघडण्याच्या लकबीविषयी होती. वस्तू लहान, वापर बेताचा, आणि वापरणाराचा हात सराईत, ही त्याची त्रिसूत्री म्हणता येईल. त्याच्या हातमोज्यांचे अंगठे एक कारागीर करी व बोटे दुसरा, अशीही आख्यायिका आहे. खरी असो वा खोटी, ती रचणारांस एवढे बरोबर कळले होते की ह्या साधेपणात शिलाई आणि माप ह्यांनाच रत्नांचे मोल आले आहे.

येथवरची कथा ही सुरुचीची कथा होय. परंतु साधेपणाचे दोन प्रकार असतात. एक गरजा कमी केल्याने येतो; दुसरा खर्च झाकल्याने येतो. ब्रमेलचा साधेपणा ह्या दुसऱ्या जातीचा होता. शुभ्र मलमल तीच, पण रोज डझनावारी लागणार. निळा कोट एकच रंगाचा, पण नामांकित शिंप्याकडचा. तरुण मुलाच्या पोशाखाला वर्षाकाठी किती खर्च यावा असे एका मातेने विचारले असता, काटकसर केल्यास आठशे पौंडांत भागेल, असे त्याने सांगितल्याची गोष्ट प्रसिद्ध आहे. बड्या जमीनदारांच्या संगतीत राहणाऱ्या ब्रमेलच्या मागे मात्र जमिनीचा वसूल नव्हता. मुद्दल होते, आणि ते दिवसेंदिवस झिजत होते.

पुढे जुगाराची भर पडली. वॉटिअरच्या क्लबात रात्री मोठमोठे डाव रंगत. तशात युवराजाचे आणि त्याचे बिनसले. जुलै १८१३ मध्ये ब्रमेल व त्याचे तीन मित्र ह्यांनी दिलेल्या मेजवानीस युवराज आला आणि दुसऱ्या यजमानाशी बोलून ब्रमेलकडे पाहिले न पाहिलेसे करून पुढे गेला. तेव्हा तुमचे हे लठ्ठ मित्र कोण, असा प्रश्न ब्रमेलने आपल्या सोबत्यास मोठ्याने विचारला. राजकृपा गेली तरी त्याचे वजन एकदम घटले नाही; पण सावकारांना धीर धरण्याचे एक कारण कमी झाले. १६ मे १८१६ रोजी तो नेहमीप्रमाणे ऑपेरा पाहावयास गेला, मध्येच उठला, आणि गाडीत बसून डोव्हरच्या वाटेने समुद्रापलीकडे कॅले येथे निघून गेला. इंग्लंडात पुन्हा राहावयास येणे त्याच्या नशिबी नव्हते.

आठवड्याच्या आत त्याच्या चीजवस्तूंचा लंडनमध्ये ख्रिस्टीच्या पेढीने जाहीर लिलाव केला. चिनी मातीची उंची भांडी, मद्याचा साठा, कपाटे, सारे विकले गेले. त्यात तपकिरीची एक डबीही निघाली. युवराज आपल्याशी अधिक सभ्यपणे वागले असते तर ही त्यांना द्यावयाची होती, अशा अर्थाची चिठ्ठी तीत सापडल्याचे सांगतात. ज्या वस्तू झाकण्यात त्याने आयुष्य घालविले त्या आता मेजावर मांडून, हातोडी आपटून, एकेक करून जगाला दाखविण्यात आल्या.

कॅले येथे तो चौदा वर्षे राहिला. तेथेही मित्रांच्या पैशावर उंची सामान जमविण्याची खोड सुटली नाही. १८३० साली काँ येथे ब्रिटिश वकिलातीची जागा त्याला मिळाली. पण तेथे वकिलाची गरजच नाही असे त्याने स्वतःच सरकारला कळविले. दुसरी चांगली जागा मिळेल अशी त्याची अटकळ होती. ती फसली आणि १८३२ साली होती ती नोकरीही गेली. जेसीने वर्णिलेले त्याचे वास्कट अस्सल काश्मिरी शालीचे होते. बोटातली साधी अंगठीदेखील मोठी अर्थपूर्ण होती. १५२० साली इंग्लंडचा आठवा हेन्री आणि फ्रान्सचा पहिला फ्रान्सिस हे कॅलेजवळ ज्या मैदानावर भेटले, त्यास तेथील जरतारी तंबूंमुळे 'सुवर्णवस्त्राचे मैदान' हे नाव पडले आहे. त्या मैदानात एका मजुराला ही अंगठी खणताना सापडली व ती त्याने ब्रमेलला विकली, असे जेसी सांगतो. एवढ्या राजवैभवातून उरली ती एक बिनखड्याची अंगठी. तिचा मालक मात्र त्यातून काही शिकला नाही.

१८३५ साली कर्जापायी तो तुरुंगात पडला. जुन्या मित्रांनी वर्गणी जमवून त्याला सोडविले व वर्षासनाची व्यवस्था केली. ह्याच सुमारास एके दिवशी तो पांढऱ्याऐवजी काळा रेशमी गळपट्टा बांधून बाहेर पडला. पांढऱ्याच्या धुलाईचे पैसे चुकविणे अशक्य झाले होते. लंडनात ज्याच्याकडे रोज गळपट्ट्यांचा ढीग फुकट जाई, त्याला परटाच्या बिलापुढे मान तुकवावी लागली. पुढे पक्षाघाताने शरीर गेले आणि मागोमाग बुद्धी गेली. खोलीत मेणबत्त्या लावून, नोकराकरवी पूर्वीच्या थोर सरदारपत्नींची नावे पुकारवून, रिकाम्या खुर्च्यांचे तो अदबीने स्वागत करी. आणि भान आले की ढळढळा रडे. ३० मार्च १८४० रोजी काँ येथील वेड्यांच्या इस्पितळात त्याचा अंत झाला.

ब्रमेल गेला, पण त्याने रूढ केलेली रीत टिकली. गडद कोट, पांढरा सदरा व गळ्याशी एक वस्त्र, हा पुरुषी पोशाखाचा साचा पुढे जगभर पसरला. इंग्रजी अमदानीबरोबर तो मुंबई-पुण्यासही आला. धोतर आणि पगडी कायम ठेवून वर लांब कोट चढविणाऱ्या आणि खिशाशी घड्याळाची साखळी अडकविणाऱ्या सुशिक्षितांच्या पिढीवर त्याची छाया स्पष्ट दिसते. लंडनच्या जर्मिन स्ट्रीटमध्ये २००२ साली ब्रमेलचा पुतळा उभारण्यात आला. तेथे सदऱ्यांची व बुटांची जुनी दुकाने आहेत.

अंगावर एकच दागिना असावा, वस्त्र मापात व स्वच्छ असावे, आणि भारी वस्तूचाही थोडाच भाग दिसावा, हा ब्रमेलचा पोशाखातील धडा आजही घेण्यासारखा आहे. कचेरीस निघालेल्या गृहस्थाने किंवा लग्नघरी निघालेल्या गृहिणीने तो अवश्य घ्यावा. दुसरा धडा त्याच्या जमाखर्चाच्या वहीत आहे, आणि तो त्याने स्वतः कधी वाचला नाही. साखळीच्या दोनच कड्या दाखविणे ही सुरुची खरी. परंतु खिशात राहिलेल्या बाकीच्या कड्यांचे पैसे चुकते झालेले असावे लागतात.