कोर्ट कुणाचं?

अमेरिकेतल्या लहान कॉलेजांच्या पोरींचं व्हॉलीबॉल बघा. १९७१ साली बायांनी आपली संघटना काढली. स्पर्धा त्याच भरवत, शिकवायच्याही बहुतेक बायाच. १९७२ ला टायटल नाइन कायदा आला: सरकारी पैसा घेणाऱ्या कॉलेजात लिंगभेद नको. पुरुषांच्या एनसीएएनं त्याला विरोध केला. आणि तिनंच १९८१ मध्ये पोरींच्या व्हॉलीबॉल स्पर्धा सुरू केल्या, लहान कॉलेजांसकट! १९८२ ला बायांची संघटना बंद. संघ वाढले खरे; पण पोरींच्या संघांवर पूर्वी नव्वद टक्क्यांवर असलेल्या बाया-प्रशिक्षक आता निम्म्यासुद्धा नाहीत. १९८४ ला ग्रोव्ह सिटी या लहान कॉलेजाच्या खटल्यात सुप्रीम कोर्टानं कायदाच लुळा केला. १९८८ ला रेगनचा नकार मोडून संसदेनं तो सावरला. बायांची संघटना मात्र परत उभी राहिली नाही.