‘फ्राम’: एका जहाजाची आणि एका राष्ट्राची गोष्ट

९ सप्टेंबर १८९६. क्रिस्तियानियाच्या (आजच्या ओस्लोच्या) खाडीत एक बुटके, गोलसर बुडाचे लाकडी जहाज शिरले आणि त्याच्या स्वागताला किनाऱ्यावर सारे शहर लोटले. जहाजाचे नाव ‘फ्राम’, म्हणजे ‘पुढे’. तीन वर्षांपूर्वी ते उत्तर ध्रुवाच्या ओढीने निघाले होते आणि ध्रुव न गाठताच परतले होते. तरीही नॉर्वेने त्या दिवशी विजयोत्सव केला. हा विजय नेमका कशावरचा होता, हे समजण्यासाठी थोडे मागे जावे लागते.

१८१४ साली चार शतकांची डॅनिश सत्ता संपली. नॉर्वेने आयड्सव्होल येथे स्वतःची राज्यघटना लिहिली. पण त्याच वर्षी त्याला स्वीडनशी संयुक्त राज्य पत्करावे लागले. संसद स्वतःची, राजा मात्र सामाईक. आणि परराष्ट्रव्यवहार स्वीडनच्या हाती. ज्या देशाची व्यापारी जहाजे जगभर फिरत, त्याला परदेशी बंदरांत स्वतःचे वाणिज्यदूत नेमता येऊ नयेत, हे शल्य उत्तरोत्तर खोल जात गेले. अशा राष्ट्राला जगापुढे नॉर्वेजियन म्हणून उभे राहील असे काहीतरी हवे होते. ते त्याला बर्फात सापडले.

१८८८ साली फ्रिट्यॉफ नान्सेन या सव्वीस वर्षांच्या प्राणिशास्त्रज्ञाने स्कीवरून ग्रीनलंड ओलांडायचे ठरवले, तेव्हा नॉर्वेच्या सरकारने पैसे नाकारले. ते दिले ऑगस्टिन गामेल या कोपनहेगनच्या व्यापाऱ्याने. सहा जणांनी ते हिमपठार पूर्वेकडून पश्चिमेकडे पार केले. पश्चिम किनाऱ्यावर वस्ती होती, पूर्वेला परतण्याजोगे काही नव्हते. म्हणून नान्सेनने मुद्दाम अशीच दिशा निवडली, की माघारीचा विचारही कोणाच्या मनात येऊ नये. पुढच्या वर्षी ही मंडळी परतली तेव्हा राजधानीत त्यांचे जंगी स्वागत झाले. हातावेगळी करायची फाईल पाहता पाहता राष्ट्रीय अभिमान बनली होती!

नान्सेनची पुढची कल्पना अनेक अनुभवी दर्यावर्दींना वेडगळ वाटली. ‘जेनेट’ हे अमेरिकन जहाज १८८१ साली सैबेरियाच्या उत्तरेला बर्फात चिरडले गेले आणि तीन वर्षांनी त्यातील वस्तू थेट ग्रीनलंडच्या नैर्ऋत्य किनाऱ्यावर सापडल्या. याचा अर्थ बर्फ वाहतो. मग त्याच्याशी झुंजण्यापेक्षा जहाज मुद्दाम त्यात अडकवून त्याच्यासोबतच वाहत का जाऊ नये? कॉलिन आर्चर या जहाजबांधणी तज्ज्ञाने त्यासाठी असा गोल सांगाडा रचला की बाजूंनी बर्फाचा दाब आला तर जहाज चिरडण्याऐवजी वर उचलले जावे; ओल्या साबणाची वडी मुठीत दाबली की निसटते, तसे. या वेळी संसदेने २,८०,००० क्रोनर मंजूर केले. त्याखेरीज दुसरा ऑस्कर, म्हणजे ज्या संयुक्त राज्याला नॉर्वे विटला होता त्याचाच राजा, याने २०,००० क्रोनर दिले. स्वतःच्या सिंहासनाखालची जमीन उकरायला राजानेच वर्गणी द्यावी, असे प्रसंग इतिहासात फार नसतील.

कल्पना खरी ठरली. ‘फ्राम’ सप्टेंबर १८९३ मध्ये गोठले आणि बर्फासोबत संथ वाहत राहिले. ते ध्रुवावरून जाणार नाही हे दिसताच १४ मार्च १८९५ रोजी नान्सेन आणि ह्याल्मार योहान्सेन कुत्र्यांच्या घसरगाड्या घेऊन निघाले. ८६ अंश १४ मिनिटे या अक्षांशापर्यंत ते गेले; तोवर तिथे कोणी पोहोचले नव्हते. मग माघार, फ्रान्झ योसेफ बेटांवर दगडाच्या आणि वॉलरसच्या कातड्याच्या खोपटात अस्वलाचे मांस खाऊन काढलेला एक हिवाळा, आणि शेवटी एका ब्रिटिश मोहिमेची गाठ. ऑगस्ट १८९६ मध्ये ते मायदेशी पोहोचले आणि आठवडाभरात ‘फ्राम’ही सुखरूप आले.

१९०५ साली संयुक्त राज्य मोडले तेव्हा या कीर्तीचे मोल कळले. सार्वमतात ३,६८,२०८ मते फारकतीच्या बाजूने पडली, विरोधात केवळ १८४. डॅनिश राजपुत्र कार्लला गादी स्वीकारायला राजी करण्यासाठी नान्सेन कोपनहेगनला गेला आणि १९०६ मध्ये लंडनमध्ये नॉर्वेचा पहिला राजदूतही तोच झाला. कार्ल सातवा हाकोन झाला. १४ डिसेंबर १९११ रोजी रोआल्ड अमुंडसेन दक्षिण ध्रुवावर पोहोचला, तेव्हा त्याने भोवतालच्या पठाराला याच राजाचे नाव दिले. अंटार्क्टिकाला त्याला नेणारे जहाज होते ‘फ्राम’च, नान्सेनने ते उत्तरेच्या मोहिमेसाठी दिले होते, हा भाग उत्सवात बेताने सांगितला जात असे.

बेताने सांगण्यासारखे आणखीही बरेच होते. ग्रीनलंड ओलांडणाऱ्या सहांपैकी साम्युएल बाल्टो आणि ओले रावना हे दोघे सामी होते. त्यांच्यासह मिळवलेल्या यशाने राष्ट्र फुलून गेले आणि बरोबर दहा वर्षांनी, १८९८ साली, त्याच राष्ट्राने शाळांमधील सामी भाषेचा वापर आवळणारा आदेश काढला. बाल्टो पुढे अलास्काला गेला. त्याचे नाव आज जगात अधिक ओळखले जाते ते १९२५ साली नोम गावी प्रतिविष पोहोचवणाऱ्या एका कुत्र्यामुळे. अमुंडसेनने कातडी पोशाखाची आणि कुत्र्यांची विद्या आत्मसात केली ती वायव्य मार्गाच्या मोहिमेत नेत्सिलिक इनुइटांच्या शेजारी राहून. ध्रुवावर मात्र झेंडा नॉर्वेचा लागला. आणि योहान्सेन? दक्षिण मोहिमेत अमुंडसेनच्या घाईच्या प्रस्थानावर त्याने उघड टीका केली, म्हणून त्याला ध्रुवाच्या तुकडीतून वगळण्यात आले. जानेवारी १९१३ मध्ये त्याने स्वतःवर गोळी झाडून घेतली.

बर्फावरच्या अभिमानाचे हक्कात रूपांतर व्हायला वेळ लागला नाही. १९३१ साली काही नॉर्वेजियन शिकाऱ्यांनी पूर्व ग्रीनलंडवर झेंडा रोवला आणि सरकारने तो प्रदेश आपला म्हणून जाहीर केला. त्या सरकारात संरक्षणमंत्री होता विद्कुन क्विसलिंग, ज्याचे आडनाव पुढे फितुरीचा पर्याय बनले. ५ एप्रिल १९३३ रोजी हेगच्या न्यायालयाने डेन्मार्कच्या बाजूने निकाल दिला. पण १९३९ मध्ये अंटार्क्टिकातील राणी मॉड भूमीवर नॉर्वेने हक्क सांगितला, आणि तो आजही मागे घेतलेला नाही.

नान्सेनने मात्र वेगळी वाट धरली. पहिल्या महायुद्धानंतर त्याने देशच न उरलेल्या निर्वासितांसाठी ओळखपत्रे मिळवून दिली. ‘नान्सेन पासपोर्ट’ म्हणून ती ओळखली गेली आणि १९२२ चा शांततेचा नोबेल पुरस्कार त्याला मिळाला. राष्ट्राला चेहरा देणाऱ्या माणसाने उरलेले आयुष्य राष्ट्र हरवलेल्यांसाठी खर्चावे, हे त्या काळच्या झेंडेबाजीत उठून दिसते.

या कथेचा एक धागा गोव्यापर्यंत येतो. ६ डिसेंबर १९८१ रोजी भारताची पहिली अंटार्क्टिक मोहीम मार्मागोव्याहून निघाली ती नॉर्वेकडून भाड्याने घेतलेल्या ‘पोलर सर्कल’ जहाजातून. पुढे उभारलेली ‘दक्षिण गंगोत्री’ आणि ‘मैत्री’ ही दोन्ही ठाणी नॉर्वे ज्याला राणी मॉड भूमी म्हणतो, त्याच भागात आहेत. ‘फ्राम’ आता ओस्लोतील बिग्डोयच्या संग्रहालयात छताखाली आहे. १९३६ पासून ते तिथेच असून प्रेक्षकांना आजही त्यावर चढता येते.